रामदरबाराचं नाणं आणि 'राईस पुलर'वाले

काकांच्या देवघरात तांब्याचं एक नाणं होतं. एका बाजूला रामदरबार, दुसऱ्या बाजूला ईस्ट इंडिया कंपनीचं नाव आणि साल १८१८. त्यापायी काकांचे पावणेतीन लाख गेले. पैशांपलीकडचं नुकसान पुढे सांगतो.

एजंट ओळखीतूनच आला. असली माणसं परकी म्हणून येतच नाहीत. त्यानं नाण्याकडे पाहिलंसुद्धा नाही. काकूंना विचारलं, "काकी, स्वप्नात साप दिसतो का?" आता साप कोणाच्या स्वप्नात येत नाही? काकू 'हो' म्हणाल्या आणि तिथेच काम झालं. नाण्यावर वीज पडून त्यात इरिडियम नावाचा धातू उतरलाय, शक्ती आहे, ते तांदूळ ओढतं म्हणून 'राईस पुलर', नासा कोटींत घेते, अशी गोष्ट रंगली. मग ताटात तांदूळ पसरून 'डेमो'. नाणं जवळ नेलं की दाणे सरकायचे! तांदूळ तोच घेऊन आला होता. लोखंडाचा कीस लावलेले दाणे आणि लपवलेलं चुंबक, एवढीच ती जादू. इरिडियमला चुंबक धरत नाही, आणि तांदूळ ओढणारा धातू जगात नाही.

पुढे टेस्टिंगची फी, 'शास्त्रज्ञां'च्या किरणोत्सर्गापासून वाचवणाऱ्या पोशाखाचं, म्हणजे सुटाचं भाडं, नाण्यातली शक्ती टिकवायचं केमिकल. हाच सुटाचा खेळ करणाऱ्या बापलेकांना दिल्ली पोलिसांनी २०१८ मध्ये पकडलं होतं.

मुळात कंपनीनं १८१८ साली रामसीतेची नाणी पाडलीच नव्हती. हे मागाहून बनवलेले बिल्ले. पूजेला ठेवा खुशाल, पण पुराणवस्तू म्हणून त्यांना किंमत नाही.

खरं जुनं होतं ते शेजारच्या डबीत. पणजोबांपासून आलेल्या शिवराया, म्हणजे शिवाजी महाराजांच्या नावाची तांब्याची नाणी, 'श्री राजा शिव' आणि 'छत्र पति' अशी अक्षरं असलेल्या. "यांनी मोठ्या नाण्याची शक्ती अडते, चिंच-मीठ लावून धुवा," असं त्यानं सांगितलं आणि घरच्यांनी घासून लख्ख केल्या. तांब्यावर चढलेला तपकिरी-हिरवट थर खालच्या धातूला सांभाळत असतो. तो गेला, अक्षरं बोथट झाली. त्यातल्या बऱ्याचशा त्यानं 'तपासणीला' नेल्या, त्या गेल्याच. उरलेल्या शिवराया एका नाणेसंग्राहकाला दाखवल्या, तर त्यांनी बघून नुसती मान हलवली. जुनं नाणं धुऊ नये, मऊ पीव्हीसी प्लास्टिकच्या पाकिटातही ठेवू नये, कोरड्या कागदी पाकिटात ठेवावं, हे त्यांच्याकडून कळलं.

कायदाही बघा. शंभर वर्षांहून जुनं नाणं १९७२ च्या पुराणवस्तूंच्या कायद्यानं पुरावशेष, म्हणजे पुराणवस्तू ठरतं, खासगी माणसाला ते देशाबाहेर पाठवता येत नाही. म्हणजे 'परदेशी पार्टी'चं नाव निघताच त्या माणसाला चहासुद्धा विचारू नका. पैसे ऑनलाइन गेले असतील तर लगेच सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, १९३० वर, फोन करा. काकांनी बहुतेक रोख दिले होते, पावती नाही.

आणि घरात जुनी नाणी असतील तर आजच दोन्ही बाजूंचे फोटो काढा, वजन लिहून ठेवा. आमच्याकडे यातलं काहीच नव्हतं. तक्रारीत शिवरायांपुढे 'तांब्याची जुनी नाणी, अंदाजे' एवढंच लिहिता आलं.