लग्नाच्या व्हिडिओ मिक्सिंगला, म्हणजे एडिटिंगला, जुनं सॉफ्टवेअर चालतंय का, का आता डाविंची रिझॉल्व्ह हे नवं सॉफ्टवेअर घेऊ?

तुळशीचं लग्न झालं की तारखा सुरू, आणि त्याच्या आधी दरवर्षी कोण ना कोण विचारतंयच की जुना पीसी अजून एक सीझन काढेल का. कोल्हापुरात राजारामपुरीतल्या आमच्या छोट्या स्टुडिओत मी जुनं-नवं दोन्ही वापरतो, म्हणून लिहायलोय.

भावा, आधी सॉफ्टवेअर नको बघू, तुझ्याकडं फुटेज कुठनं येतंय ते बघ. सगळं डीएसएलआरचं फुल एचडी, एच 264 (व्हिडिओ दाबून साठवायची जुनी पद्धत) असेल तर अ‍ॅडोबीचं जुनं एडिटिंग सॉफ्टवेअर प्रीमिअर सीएस 6 आजही मस्त चालतंय, कट मार, गाणं लाव, रेंडर टाक, महिन्याचं भाडं नाही का नेट लागत नाही. एडियस या दुसऱ्या एडिटिंग सॉफ्टवेअरचं तर अजून बरं, वेगवेगळ्या कॅमेऱ्यांच्या फाइली एकाच टाइमलाइनवर टाकल्या तरी अडकत नाही, म्हणून तर आपल्याकडं मिक्सिंगवाल्यांचा त्याच्यावर इतका जीव. फक्त एडियस 6 असेल तर सोड, ते 32 बिट आहे, पीसीत 16 जीबी रॅम घातली तरी त्यातली 4 जीबीच्या वरची त्याला वापरता येत नाही. 64 बिट एडियस 7 पासनं आलं.

खरी गोची मोबाईलनं केली. सीएस 6 आलं 2012 ला, एचईव्हीसी (एच 264 च्या पुढची, व्हिडिओ अजून लहान करणारी पद्धत) आलं 2013 ला, म्हणजे सीएस 6 त्याला ओळखणार कसं? आणि 2017 पासनं आयफोन एचईव्हीसीतच शूट करतोय. दुसरं म्हणजे मोबाईलचा फ्रेम रेट (सेकंदाला किती चित्रं) कमी-जास्त होत असतो, मागच्या सीझनला हळदीची पाहुण्यांनी दिलेली क्लिप तशीच घेतली आणि शेवटी शेवटी आवाज पुढं नि ओठ मागं, रात्रभर तुकडे करून जुळवत बसलो. आता हँडब्रेक या फुकट कन्व्हर्टरमध्ये कॉन्स्टंट, म्हणजे एकसारखा, फ्रेम रेट करूनच घेतो. दोन-चार क्लिपा असतील तर हे परवडतंय, अर्धं लग्नच मोबाईलवर असेल तर नाही.

डाविंची रिझॉल्व्हचं फुकट व्हर्जन 4के 60 फ्रेमपर्यंत एक्स्पोर्ट देतंय, वॉटरमार्क नाही, आणि कलर करायला तर तोड नाही, मांडवातल्या पिवळ्या लाइटमध्ये नवरीचा चेहरा सावरायचा म्हटलं की फरक लगेच कळतो. नॉइज रिडक्शन (कमी उजेडातल्या चित्रातले दाणे घालवणं) तेवढं पैसे भरलेल्या व्हर्जनमध्येच. पण पीसी दणकट पाहिजे, 16 जीबी रॅम आणि बरं ग्राफिक कार्ड नसेल तर नादाला लागू नको.

मराठी टायटलचं कोण बोलत नाही. सीएस 6 मध्ये युनिकोड (मोबाईलवर टाइप करतो तसलं मराठी) टाकलं की वेलांट्या आणि जोडाक्षरं तुटतात, म्हणून आपण श्री-लिपीचे बिनयुनिकोड फॉन्ट वापरत आलो. नवीन काहीही घेताना आधी 'लक्ष्मीपुरी' टाइप करून बघ. नवरा-नवरीचं नाव चुकलेलं लोक आयुष्यभर बघणार ना.

माझं मत विचारशील तर जुनी मशीन विकू नको, जुने प्रोजेक्ट तिच्यातच उघडतील, फक्त नेटचं कनेक्शन काढ, विंडोज 7 चे सिक्युरिटी अपडेट 2020 लाच बंद झालेत. क्रॅक, म्हणजे फुकटात उघडलेलं चोरीचं सॉफ्टवेअर, टाकलेलं असेल तर गिऱ्हाइकाचा डेटा त्याच्यावर अजिबात ठेवू नको. आणि डाविंचीवर जायचं तर सीझन चालू असताना नको, आधी एखादं बारसं नाहीतर साखरपुडा त्याच्यावर पूर्ण काढ.