बोलणारं आणि ऐकणारं सॉफ्टवेअर: कुठली डीएलएल घ्यावी?

प्रोग्रामला इंटरनेटशिवाय बोलतं किंवा ऐकतं करायचं असेल, तर विंडोजसाठी डीएलएलचे (प्रोग्रामला जोडायची तयार कोडची फाइल, म्हणजेच लायब्ररी) पाच पर्याय विचारात घेण्यासारखे आहेत: मायक्रोसॉफ्टची सॅपी, ईस्पीक एनजी, पायपर, वोस्क आणि व्हिस्पर.सीपीपी. आवाजाचे नमुने ऐकून लगेच निवड करू नका. लायब्ररी ३२ बिट आहे की ६४ बिट, तिच्याबरोबर कुठल्या फायली द्याव्या लागतात आणि परवान्यात काय लिहिलंय, हे आधी पाहा. बरेच पर्याय तिथेच गळतात.

बोलण्यासाठी

सॅपी ५ विंडोजमध्ये मुळातच असते, त्यामुळे सोबत काहीच द्यावं लागत नाही. स्क्रिप्टच्या दोन ओळींत वाक्य वदवता येतं. वेग उणे १० ते १० आणि आवाजाची पातळी ० ते १०० ठेवता येते. घोळ होतो तो आवाजांच्या यादीत. ३२ बिट आणि ६४ बिट प्रोग्राम ही यादी रजिस्ट्रीच्या (विंडोजच्या सेटिंग्जच्या साठ्याच्या) वेगवेगळ्या भागांतून वाचतात. शिवाय विंडोजच्या सेटिंग्जमधून उतरवलेले आवाज ‘स्पीच वनकोअर’ या स्वतंत्र नोंदीखाली जातात आणि सॅपीला ते आपोआप दिसत नाहीत. आवाज बसवूनही प्रोग्राममध्ये दिसत नसेल, तर आधी या दोन जागा तपासा.

ईस्पीक एनजी फॉर्मंट पद्धतीने, म्हणजे गणिताने आवाज घडवते. तो यांत्रिक वाटतो, हे खरं. पण काही एमबींत शंभरहून जास्त भाषा मिळतात, त्यात मराठीही आहे, आणि वेग खूप वाढवला तरी शब्द ओळखू येतात. एनव्हीडीए हा स्क्रीन रीडर (पडद्यावरचा मजकूर वाचून दाखवणारा प्रोग्राम) ती सोबत देतो, ते याच गुणांमुळे पटतं. डीएलएल उचलली आणि डेटा फोल्डर मागे राहिलं, तर ‘फोनटॅब’ फाइल सापडत नसल्याची तक्रार येते. त्या फोल्डरचा पत्ता लायब्ररी सुरू करतानाच द्यावा.

पायपरचा आवाज या तिघांत सगळ्यात माणसासारखा. प्रत्येक आवाजासाठी ओएनएनएक्स प्रकारातली मॉडेल फाइल आणि तिच्या सेटिंग्जची जेसन फाइल अशी जोडी लागते. दुसरी विसरली तर पहिलीचा उपयोग नाही. इथे एक फसवी अडचण आहे. विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये ओएनएनएक्स रनटाइमची, म्हणजे अशी मॉडेलं चालवणाऱ्या लायब्ररीची, स्वतःची प्रत असते. तुमची प्रत ईएक्सईच्या शेजारी नसेल, तर ती जुनी प्रत उचलली जाते आणि आवृत्ती जुळत नाही म्हणून प्रोग्राम बंद पडतो.

परवान्याकडे नीट लक्ष द्या. ईस्पीक एनजी जीपीएल ३ या परवान्याखाली आहे, म्हणून कोड खुला न केलेल्या सॉफ्टवेअरला ती थेट जोडून वाटता येत नाही. पायपरची जुनी आवृत्ती एमआयटी या सैल परवान्याची दिसते, पण शब्दांचे उच्चार ठरवायला तीही ईस्पीक एनजीच वापरते. विकायच्या उत्पादनात हा धागा शेवटी लक्षात आला, तर बरंच काम पुन्हा करावं लागतं.

ऐकण्यासाठी

सॅपीचं बोलणं ओळखणारं इंजिन इंग्रजी, फ्रेंच, जर्मन, जपानी, स्पॅनिश, चिनी अशा मोजक्या भाषांपुरतं आहे. मराठीसाठी ते बाजूलाच ठेवा.

खरी निवड वोस्क आणि व्हिस्पर यांच्यात आहे. वोस्क बोलणं चालू असतानाच अर्धवट निकाल देत राहते. लहान मॉडेल साधारण ५० एमबीचं असतं आणि त्याला ठरावीक शब्दांची यादी दिली की अचूकता चांगलीच वाढते. ‘चालू’, ‘बंद’, ‘पुढे’ अशा आज्ञांसाठी आम्ही वोस्कच सुचवू, अर्थात हव्या त्या भाषेचं मॉडेल मिळत असेल तर. विंडोजवर तिच्या डीएलएलसोबत जीसीसी या कंपायलरच्या तीन साहाय्यक डीएलएल ठेवाव्या लागतात.

व्हिस्पर ऑडिओ ३० सेकंदांच्या तुकड्यांत पाहते. दोन सेकंदांची आज्ञाही उरलेली जागा शांततेने भरूनच तपासली जाते, म्हणून झटपट प्रतिसादाला ती जड पडते. ध्वनिमुद्रित भाषणाचं लेखन करायला मात्र तिलाच पसंती द्यावी. तिला मराठी येते, पण ७५ एमबीच्या ‘टायनी’ मॉडेलवर मराठी सोडू नका. किमान ४६६ एमबीचं ‘स्मॉल’ घ्या आणि जमलं तर त्याहून मोठं. शांत भागात ती न बोललेली वाक्यं लिहून टाकते. त्यासाठी शांतता आधीच गाळून घ्यावी.

दोघींचीही मॉडेलं साधारणपणे १६,००० हर्ट्झच्या मोनो (एकाच वाहिनीच्या) ऑडिओसाठी असतात. माइक ४८,००० वर असेल आणि तुम्ही रूपांतर न करता १६,००० सांगितलं, तर लायब्ररीला बोलणं तिप्पट संथ ऐकू येतं आणि निकालात भलतेच शब्द येतात. त्रुटीचा संदेश मात्र येत नाही.

डीएलएल उघडलीच नाही तर

विंडोजने त्रुटी क्रमांक १२६ दाखवला, तर बहुधा डीएलएल जागेवर असते. ती जिच्यावर अवलंबून आहे ती दुसरी डीएलएल गायब असते. १९३ म्हणजे ३२ आणि ६४ बिटची सरमिसळ. मॉडेल वाचायला घेताच जुन्या यंत्रावर प्रोग्राम अचानक मरत असेल, तर लायब्ररी एव्हीएक्स२ साठी (नव्या प्रोसेसरमधल्या वेगवान सूचनांसाठी) बांधलेली आहे का ते पाहा. प्रोसेसरला त्या सूचना येत नसतील, तर त्याशिवायची बांधणी घ्यावी लागते. सॅपीची फाइल बिघडली, तर सुटी डीएलएल देणाऱ्या साइटवरून ती कधीही उतरवू नका. प्रशासक म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडा आणि सिस्टम फाइल चेकर हे विंडोजचं साधन चालवा. तो मूळ प्रत परत बसवतो.