सांगलीतला मूकपटांचा शो: पिक्चर एक नंबर, खुर्च्यांचं बघा जरा

विश्रामबागला एका छोट्या हॉलमध्ये फिल्म क्लबवाले रविवारी मूकपट दाखवतात, यावेळी सगळे बायकांनी डायरेक्ट केलेले होते. तिकीट १०० रुपये, पैसे वसूल, आधीच सांगून टाकते.

सुरुवात अॅलिस गीच्या १९०६ च्या छोट्याशा कॉमेडीनं. पुरुष इस्त्री करतायत, पोरं सांभाळतायत आणि बायका कॅफेत निवांत पीत बसल्यात. हॉलमधल्या बायका लगेच हसल्या, त्यांचे नवरे जरा उशिरानं 😄 ही बाई १८९६ पासून पिक्चर काढत होती, पुढे अमेरिकेत जाऊन सोलॅक्स नावाचा स्टुडिओ उभा केला, आणि आपण आपले ल्युमिए-मेलिएस ही सुरुवातीच्या पिक्चरवाल्या पुरुषांचीच नावं पाठ करून बसलेलो.

पण खरी मजा लोइस वेबरच्या 'सस्पेन्स'ला (१९१३). दहाच मिनिटांचा आहे. आडबाजूचं घर, आत बाई आणि तान्हं बाळ, मोलकरीण किल्ली पायपुसण्याखाली ठेवून सटकलीय आणि एक भटक्या घराभोवती घुटमळतोय... मग पडद्याचे तीन त्रिकोणी तुकडे होतात, एकात ती फोनवर, एकात ऑफिसातला नवरा आणि एकात तो, पायपुसणं उचलताना! पुढे नवरा दुसऱ्याचीच गाडी घेऊन पळतो आणि पाठलाग करणारी गाडी आरशात दिसते, ११०-१२ वर्षांपूर्वी हे सुचलं कसं देव जाणे. बाईचं काम पण वेबरनंच केलंय, डायरेक्शनला जोडीला नवरा होता. पेटी-तबला लाइव्ह होता, इथं तबलजींनी काय पळवलाय!

तेच तबलजी 'शूज'ला (१९१६) मात्र थांबेनात. दुकानात राबणारी पोरगी फाटक्या बुटाला पुठ्ठ्याचा तळ कापून बसवते, अहो तिथं नुसती पेटी बास होती.

तक्रार एकच मोठी. सुरुवातीचं भाषण संपता संपेना आणि फातमा बेगमला एक स्लाइड! १९२६ ला 'बुलबुल-ए-परीस्तान' काढणारी आपल्याकडची पहिली बाई डायरेक्टर, पहिला बोलपट 'आलम आरा'ची हिरोईन झुबेदा, तिची आई. पिक्चरची प्रिंट उरली नाही हे मान्य, पण गोष्ट तरी नीट सांगा की, नाट्यपंढरीत बसलाय तुम्ही.

इंटरव्हलचं भडंग मस्त, चहा नुसतं साखरपाणी. खुर्च्या प्लास्टिकच्या, आई-आजींना नेणार असाल तर उशी घेऊन जा. पिक्चरमध्ये मधेमधे येणाऱ्या पाटीवरचं इंग्रजी एकजण मोठ्यानं मराठीत सांगतो, त्यामुळे त्यांना अडत नाही. पाचपैकी चार स्टार.