वन्हिकारूची पितळी मूर्ती : धुळ्यातल्या ओतकामाचा नमुना

वन्हिकारू हा एका कल्पित खेळविश्वातला अग्नीचा आणि पवित्र कारागिरीचा देव. एका हाती हातोडा, दुसऱ्या हाती सांडशी, पायाशी भाता, डोक्यावर ज्वाळांचा मुकुट. धुळ्यातल्या एका छोट्या कारखान्यानं मेणाच्या नमुन्यावरून ओतलेली त्याची १५ सेंटिमीटरची पितळी मूर्ती फार देखणी आहे. भात्याच्या घड्या तर अप्रतिम!

मुकुट मात्र फसलाय. दोन ज्वाळांची टोकं भरलीच नाहीत. बारीक टोकात वितळलेल्या पितळेचा रस लवकर थिजतो, शिवाय कोंडलेली हवा त्याला अडवते. साचा उलटा ठेवून रस पायाकडून सोडावा, प्रत्येक टोकाला हवा जायला वाट द्यावी आणि साच्यातला मेणाचा नमुना जाळून काढल्यावर साचा गरम असतानाच भरावा. रस जास्त तापवून भागत नाही. पितळेतलं जस्त ९०७ अंशांना उकळतं, पांढरा धूर निघतो आणि मूर्तीच्या अंगावर छिद्रं पडतात.

मेणाचा नमुना तुम्ही देणार असाल, तर पितळ आकसतं हे धरून तो दीडेक टक्का मोठा करा. तो एप्रिल-मेमध्ये पाठवणं टाळाच. खानदेशच्या ४५ अंशांत बंद गाडीत मेण मऊ पडतं, आणि सांडशीचा पुढे आलेला हात सगळ्यात आधी लवतो.