सेकंडहँड पीएसपी आणि धबधब्याची लेव्हल

मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून पीएसपी ३००० घेतला, सोनीचा हातात धरून खेळायचा गेम, सेकंडहँड, साडेपाच हजारांत. बॅटरी फुगलेली होती, पाठीमागचं झाकण बसेना. दुकानदार अंगठ्याने दाबत म्हणतो, "बैठ जायेगा." फुगलेली बॅटरी दाबतात होय? ती तिथेच ठेवली आणि चार दुकानं पुढे जाऊन नवी घेतली. तुम्ही घ्याल तेव्हा आधी पाठ बघा, मग स्क्रीन.

मॉडेल २००८ चं. कस्टम फर्मवेअर, म्हणजे कंपनीबाहेरचे प्रोग्रॅमही चालवू देणारं सॉफ्टवेअर, आधीच घातलेलं होतं. मेमरी स्टिकच्या जागी मायक्रोएसडीचं अडॅप्टर लावलं, जुने टीव्हीवरचे निन्टेंडो गेम चालवणारा नेस्टरजे हा प्रोग्रॅम टाकला आणि लहानपणीचा गोळीबाराचा गेम कॉन्ट्रा सुरू केला. (रॉम, म्हणजे गेमची फाइल, कुठून आणला ते विचारू नका. आम्ही लहानपणी फुंकर मारून लावायचो ती 'कॅसेट' तरी कुठे ओरिजिनल होती!)

एक ऐका, चित्र पडदाभर ताणू नका. सगळे सैनिक बुटके आणि जाडे होतात. सेटिंगमध्ये मूळ आकार ठेवा. त्या काळच्या गेमचं चित्र २५६ बाय २४० पिक्सेल, पीएसपीचा पडदा ४८० बाय २७२. उंचीत अगदी बेताने बसतं, बाजूला काळ्या पट्ट्या राहतात, राहू देत. इतक्या रेखीव गोळ्या आमच्या टीव्हीवर कधी दिसल्या नव्हत्या. गेमबॉय ॲडव्हान्स या निन्टेंडोच्याच हातातल्या यंत्राच्या गेमचं मात्र अडतं: २४० बाय १६० दुप्पट केलं तर उंची ३२० होते, मावत नाही, दीडपट केलं की कडा पुसट. सुपर निन्टेंडोचे बरेच गेम चालतात, कॅसेटमध्येच सुपर एफएक्स ही जादा चिप असलेले धापा टाकतात.

तिरकी गोळी मारताना माझा अंगठा चुकतो. बटणाखालचं रबर जुनं झालंय की अंगठा, कळत नाही.

पण पैसे वसूल होतात ते उजव्या कडेच्या चालू-बंदच्या सरकत्या पट्टीमुळे. लोकलमध्ये घाटकोपरला गर्दी चढली की पट्टी वर सरकवायची, ठाण्याला पुन्हा सरकवायची; उडी मारलेला गडी हवेत तसाच. आमच्याकडे बाबांच्या बातम्या लागल्या की गेम बंद, म्हणजे पुन्हा पहिल्यापासून. वर पिक्चर ट्यूब जाते म्हणून अर्ध्या तासाचीच परवानगी. आठवी लेव्हल मी बेचाळिसाव्या वर्षी पाहिली, कळव्याच्या आसपास.

उणीव एकच, दुसरा रिमोट नाही. धबधब्याच्या लेव्हलला ताई भराभर वर चढायची, पडदा वर सरकायचा आणि मी खालच्या खाली मरायचो. मुद्दाम करायची. परवा माहेरपणाला आली तेव्हा ठरवलं, एकाच्या तीन लाइफ संपल्या की दुसऱ्याने घ्यायचं. ताईला पहिली पाळी दिली. जेवणं झाली, भांडी झाली, माझी पाळी अजून आलेली नाही.