ब्लूटूथ हेडफोन, आठ महिन्यांनंतर: आवाज मस्त, पण ओठ जुळेनात

आठ महिने झाले वापरतोय. गाण्यांसाठी एक नंबर, बॅटरी अजून टिकते, कानाच्या गाद्या थोड्या चेपल्यात, बास. लिहायचंय ते वेगळंच.

पहिले काही दिवस लॅपटॉपवर पिक्चर लावला की वाटायचं डबिंगच भिकार आहे, शब्द नीट कळायचे नाहीत, मी उगाच इक्वलायझर फिरवत बसायचो. मग एका सीनमध्ये दार आपटलं आणि धाडकन नंतर आलं, तेव्हा ट्यूब पेटली. ब्लूटूथमध्ये आवाज आधी कॉम्प्रेस होतो, मग पाठवला जातो, मग उलगडतो, साध्या एसबीसी कोडेकवर (कोडेक म्हणजे आवाज कॉम्प्रेस करायची आणि उलगडायची पद्धत) यात सहज 150 ते 250 मिलिसेकंद जातात. काही ॲप्स चित्रच तेवढं मागे धरतात, तिथे त्रास नाही.

प्लेअरमधलं सिंकचं, म्हणजे आवाज-चित्र जुळवायचं सेटिंग हलवून बघितलं आणि चक्रावलो. आवाज चित्रापेक्षा 100 मिलिसेकंद उशिरा, तर मला पत्ताच नाही, पण चुकून उलटीकडे गेलो, 100 मिलिसेकंद आधी, की लगेच खटकतं! आयटीयूच्या (आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघटना) 1998 च्या शिफारशीतही साधारण हेच आहे, आवाज 45 मिलिसेकंद पुढे गेला की लोकांना कळतं, मागे राहिला तर 125 पर्यंत लक्षात येत नाही. म्हणजे बघा ना, आवाज सेकंदाला 343 मीटरच जातो, लांब कोणी कुऱ्हाड मारली की घाव आधी दिसतो आणि ठक्क मागून येतं, उलटं कधीच होत नाही, त्यामुळे मेंदू उशीर खपवून घेत असावा.

आणि शब्द न कळण्याचं कारण? मॅकगर्क इफेक्टचे व्हिडिओ बघा, 1976 चा शोध आहे. आवाज 'बा'चा, ओठ 'गा'चे, आणि बऱ्याच जणांना ऐकू येतं 'दा'. मी डोळे मिटले की 'बा', उघडले की परत 'दा', सगळं माहीत असूनही! म्हणजे बोलणं आपण अर्धं डोळ्यांनी ऐकतो, आणि मी बिचाऱ्या इक्वलायझरला छळत होतो.

एक खरी तक्रार. नॉइज कॅन्सलिंग (बाहेरचा आवाज दाबणारी सोय) लावून रस्त्याने चालू नका. डोळे पुढचंच बघतात, मान कधी वळवायची ते कान सांगतात. मागून सायकल अगदी खेटून गेली तेव्हा कळलं, तेव्हापासून बाहेर ट्रान्सपरन्सी मोडच, त्यात बाहेरचे आवाज कानापर्यंत येतात.

आता पिक्चरला वायर लावतो, गाण्यांना ब्लूटूथ. चार स्टार, पाचवा त्या दाराने खाल्ला.