वॅगनआरचं रिपेअर मॅन्युअल: शोधायला तीन महिने, वापरून आठ महिने, आणि त्या दशांश चिन्हाबद्दल

गाडी वॅगनआर, २००८ ची, पेट्रोल, जुनं एफ१०डी इंजिन. बाकी माहिती लिहीत बसत नाही, ज्यांच्याकडे ही गाडी आहे त्यांना सगळं पाठ असतं. हा अनुभव गाडीचा नाहीये, गाडीच्या मॅन्युअलचा आहे. डॅशबोर्डच्या कप्प्यात पडलेलं छोटं पुस्तक नाही, वर्कशॉपमध्ये फिटर लोक वापरतात ते जाडजूड.

सुरुवात झाली गेल्या पावसाळ्यात. पार्किंगच्या फरशीवर रोज सकाळी बांगडीएवढा काळा डाग दिसायला लागला. सर्व्हिस करून तीनच आठवडे झाले होते. खाली वाकून बघितलं तर चेंबरच्या, म्हणजे इंजिनखालच्या ऑइलच्या भांड्याच्या, नटातून ऑइल ठिबकत होतं. परत घेऊन गेलो तर म्हणे आटे गेलेत, अख्खा चेंबर बदलावा लागेल, मजुरी धरून ४,८०० रुपये. मी म्हटलं अहो, आटे तुमच्याकडेच गेलेत ना, तीन आठवड्यांपूर्वी हा नट तुम्हीच आवळलाय. त्यावर उत्तर काय, तर जुनी गाडी आहे, होतं असं. सेंटरचं नाव घेत नाही, घेऊन उपयोगही नाही. पण त्या दिवशी नट हातात घेऊन बघितला तेव्हा त्याच्या आट्यांत चांदीच्या तारेसारखी बारीक गुंडाळी अडकली होती, चेंबरचे आटे सोलून निघाले होते अक्षरशः. पान्याला पाइप लावून ताकदीने आवळल्याशिवाय असं होत नाही. शेवटी नाना पेठेत एका लेथवाल्या काकांनी आटे पाडून एक साइज मोठा नट बसवून दिला, ३५० रुपयांत. ४,८०० कुठे आणि ३५० कुठे. राग पैशांचा होताच, पण त्याहून जास्त राग याचा होता की हा नट किती आवळायचा याचा एक ठरलेला आकडा असतो, तो कुठेतरी छापलेला असतो, आणि तो ना त्या माणसाने बघितला ना मला बघायला मिळाला.

म्हणून ठरवलं, ऑइल, फिल्टर, प्लग, ब्रेक पॅड एवढं तरी घरी करायचं, आणि मॅन्युअल हातात आल्याशिवाय पाना लावायचा नाही.

कप्प्यातलं पुस्तक आधी पूर्ण वाचलं. त्यात टायरमध्ये हवा किती, फ्यूज कुठला, स्टेपनी कशी बदलायची, ऑइल कुठल्या ग्रेडचं, एवढंच आहे. खोलायचं-जोडायचं काही नाही. मग एका स्पेअर पार्टच्या काउंटरवर विचारलं तर तिथले दादा म्हणाले, मॅन्युअल काय करायचंय, गाडी आणा की. मग ऑनलाइन २४९ रुपयांत एक पीडीएफ घेतली, वर लिहिलं होतं वॅगनआर पेट्रोल सर्व्हिस मॅन्युअल. सातशेच्या वर पानं, खूश झालो. उघडली तर ती युरोपातल्या वॅगन आर प्लसची, १.३ लिटर इंजिन. नाव तेच, गाडी वेगळी. हे लक्षात ठेवा, पैसे देण्याआधी इंजिनचा कोड बघा, मॉडेलच्या नावावर जाऊ नका. आपल्याकडच्या जुन्या वॅगनआरचं इंजिन म्हणजे एफ१०डी, १०६१ सीसी, चार सिलिंडर. २०१० मध्ये नवीन वॅगनआर आली तिच्यात के१०बी, ९९८ सीसी, तीन सिलिंडर. एकाचं मॅन्युअल दुसऱ्याला काडीच्या कामाचं नाही.

खरा मार्ग दाखवला त्या लेथवाल्या काकांनीच. ते म्हणाले, अरे तुझं इंजिन अल्टोतही होतं, अल्टोचं शोध. आणि खरंच, १.१ वाली अल्टो आठवत असेल, तिच्यात हेच इंजिन होतं, आणि तीच १.१ अल्टो इथे बनून युरोपातही विकायला गेली होती. त्यामुळे तिचं इंग्रजी वर्कशॉप मॅन्युअल व्यवस्थित छापलेलं आहे. काकांच्या ओळखीच्या एका बंद पडलेल्या गॅरेजमध्ये ते कागदी पुस्तक होतं, कोपरे ऑइलने काळे झालेले. विकायला तयार नव्हते ते, पण झेरॉक्स काढायला दोन दिवस दिलं. पूर्ण काढलं नाही, लागतील तेवढे सेक्शन काढले, १६० पानं, स्पायरल बाइंडिंग आणि वर प्लॅस्टिकचं कव्हर. फोनवर पीडीएफ बघत काम करू असं ज्यांना वाटतंय त्यांनी एकदा ऑइलच्या हाताने स्क्रीन सरकवून बघा. कागदच पाहिजे.

दोन महिन्यांनी मी हा अनुभव लिहायला घेतला होता तेव्हा चांगलाच वैतागून लिहिला होता. कारण सांगतो. या मॅन्युअलला आपल्याला सवय असते तशी सलग पानं नाहीत. सेक्शनचे नंबर असतात. ०बी म्हणजे मेंटेनन्स, ३ मध्ये स्टिअरिंग-सस्पेन्शन-चाकं, ५ म्हणजे ब्रेक, ६ म्हणजे इंजिन, ७ म्हणजे गिअरबॉक्स आणि क्लच, ८ म्हणजे इलेक्ट्रिकल, आणि प्रत्येक सेक्शनची पानं परत १ पासून. एका साध्या कामासाठी तीन ठिकाणी उड्या माराव्या लागतात. स्पेशल टूल म्हणून प्रत्येक गोष्टीला ०९ ने सुरू होणारा लांबलचक नंबर दिलेला, जे टूल कुठल्याच दुकानात मिळत नाही. तेव्हा मी लिहिलं होतं की व्हिडिओ बघून काम शिका, मॅन्युअलवर पैसे घालवू नका.

ते मत मी आता मागे घेतोय. व्हिडिओमध्ये सगळं दाखवतात, पण शेवटी सगळे एकच म्हणतात, अच्छेसे टाइट कर लो. अच्छेसे म्हणजे किती? माझा चेंबर याच शब्दाने खाल्ला. मॅन्युअलमध्ये लिहिलंय, ड्रेन प्लग, म्हणजे तोच चेंबरचा नट, ३५ न्यूटन मीटर (आवळण्याच्या जोराचं, म्हणजे टॉर्कचं माप). ऑइल फिल्टरच्या रबर रिंगला नवीन ऑइलचं बोट लावायचं, रिंग टेकेपर्यंत हाताने फिरवायचं आणि तिथून पुढे फक्त पाऊण फेरी. चाकाचे नट ८५, समोरासमोरचे आळीपाळीने. एवढंच. या तीन आकड्यांसाठी मी तीन महिने फिरलो आणि परत फिरायची वेळ आली तर परत फिरेन.

पहिल्यांदा घरी ऑइल बदललं तेव्हा बाबा टॉर्च धरून उभे होते. गाडी त्यांनीच घेतलेली. मी गाडीखाली आडवा, नट आवळतोय, टॉर्क पाना (लावलेल्या आकड्याएवढं आवळलं की वाजतो तो) कट् वाजला आणि मी थांबलो. बाबा म्हणाले, अरे आवळ अजून थोडं, एवढ्यात कुठे बसतो तो. मी म्हटलं बाबा, वाजलं, बास. त्यांना अजिबात पटलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्या आधी ते खाली जाऊन फरशी बघून आले होते. कोरडी होती. नंतर आठवडाभर रोज बघितली त्यांनी.

टॉर्क पान्याबद्दल एक सांगतो, कारण इथे मी पैसे फुकट घालवले. पहिला घेतला तो अर्ध्या इंचाचा, ४० ते २१० न्यूटन मीटरवाला, सगळीकडे तोच मिळतो. चाकाच्या नटांना उत्तम. पण ३५ त्याच्यात बसतच नाही, त्याची सुरुवातच ४० ला. चेंबरच्या नटासाठी आणि बारीक बोल्टसाठी ३/८ चा लहान पाना वेगळा घ्यावा लागला. आधी मॅन्युअल वाचलं असतं तर लहान आधी घेतला असता, कारण चाकांसाठी मित्राचा मागता येतो.

आता मुख्य तक्रार, ज्यासाठी मी हे सगळं लिहितोय. दशांश चिन्ह.

या मॅन्युअलमध्ये प्रत्येक टॉर्क तीन मापांत दिलेला असतो, आधी न्यूटन मीटर, मग कंसात किलोग्राम मीटर आणि पाउंड फूट. म्हणजे ड्रेन प्लगला ३५ (३.५, २५.५). मूळ छपाई स्वच्छ असेल तर अडचण नाही. पण आपल्या हातात जे येतं ते झेरॉक्सची झेरॉक्स, किंवा कुणीतरी घाईत स्कॅन केलेली पीडीएफ, आणि त्यात पहिला बळी जातो त्या टिंबाचा. माझ्या कॉपीत चेंबरच्या कडेच्या बारीक बोल्टना ११ (११, ८०) असं दिसतं. खरं आहे ११ (१.१, ८.०). आपल्याकडे मिळणाऱ्या स्वस्त पान्यांवर पाउंड फूटची पट्टी ठळक असते आणि न्यूटन मीटरची बारीक. आता एखाद्याने ८० वाचून पाना ८० पाउंड फूटवर लावला, तर ते होतात १०० न्यूटन मीटरच्या वर. ६ मिलीमीटरचा बोल्ट तिथपर्यंत पोचणारच नाही, त्याआधी मुंडी हातात येईल आणि उरलेला तुकडा ब्लॉकमध्ये अडकेल. तो तुकडा काढायचा म्हणजे ड्रिल, एक्स्ट्रॅक्टर, आणि नशीब खराब असेल तर इंजिन खाली. एका पुसलेल्या टिंबामुळे.

मी पूर्ण एक रविवार घालवून १६० पानांतला प्रत्येक टॉर्क तपासला आणि जिथे टिंब गेलंय तिथे लाल पेनने घातलं. तपासायची पद्धत सोपी आहे, कुणालाही जमेल. न्यूटन मीटरला १० ने भागलं की साधारण किलोग्राम मीटर येतात, आणि न्यूटन मीटरचा पाऊण भाग म्हणजे साधारण पाउंड फूट. ८५ ला ८.५ आणि ६१.५, जमतं. ११ ला ११ आणि ८०, जमत नाही, म्हणजे टिंब गेलंय. माझ्या कॉपीत अशा ३१ जागा निघाल्या. पीडीएफ विकणाऱ्यांनी निदान पान सरळ ठेवून, जास्त रिझोल्यूशनला स्कॅन करावं हो, लोक त्यावर भरवसा ठेवून गाडीखाली झोपतात.

आठ महिन्यांत काय काय केलं ते थोडक्यात. ऑइल आणि फिल्टर दोनदा. प्लग एकदा, हेड अॅल्युमिनियमचं आहे म्हणून थंड इंजिनवरच आणि आधी बोटांनी फिरवून बसवले. एअर फिल्टर, कूलंट. पुढचे ब्रेक पॅड, यात मॅन्युअलची एक ओळ फार कामाला आली, पिस्टन मागे ढकलताना वरच्या डब्यातलं ब्रेक ऑइल वर येतं त्याकडे लक्ष द्या आणि गाडी हलवण्याआधी पेडल घट्ट होईपर्यंत दाबा. ही ओळ वाचली नसती तर मी तशीच गाडी गेटबाहेर काढली असती, आणि आमचं गेट उतारावर आहे. गाडी कायम घोडीवर, नुसत्या जॅकवर नाही, हे सांगायला मॅन्युअल लागू नये. मजुरीचे वाचलेले पैसे धरले तर दोन्ही टॉर्क पाने, झेरॉक्स आणि ती चुकीची पीडीएफ, सगळं वसूल होऊन १,९०० रुपये वर उरलेत.

जिथे हे मॅन्युअल चालत नाही ते पण सांगतो. इंजिनच्या सेक्शनपुरतं अल्टोचं पुस्तक वॅगनआरला बरोबर लागू पडतं. सस्पेन्शन आणि बॉडीचं लागू पडत नाही, ते सेक्शन काढूच नका. सेन्सर आणि वायरिंगवर तर अजिबात विसंबू नका. युरोपातल्या गाडीला ओबीडीचा (गाडीनेच बिघाड ओळखून त्याचा कोड नोंदवायचा) नियम आपल्या बराच आधी आला, आपल्याकडे तो बीएस ४ या प्रदूषणाच्या नियमांबरोबर २०१० पासून सुरू झाला, माझी गाडी त्याच्या आधीची. त्यामुळे पुस्तकातला कोडचा तक्ता आणि माझ्या गाडीतली वायर यांचा मेळ बसत नाही. मार्चमध्ये चेक इंजिनचा दिवा लागला तेव्हा मी दोन संध्याकाळी त्या तक्त्यात घालवल्या, आणि निघालं काय, तर एअर फिल्टर बदलताना माझ्याकडूनच एक कनेक्टर अर्धवट बसला होता. टक् आवाज येईपर्यंत दाबला, दिवा गेला.

टायमिंग बेल्टला मी हात लावणार नाही, खुणा जुळवायचं पान वाचलंय, आकृती समजते, तरी नाही. ते काम माहितीतल्या फिटरकडेच, पण आता जाताना मी त्या पानाची झेरॉक्स घेऊन जातो आणि शेजारी उभा राहतो. फिटरदादांना आधी आवडलं नव्हतं. मागच्या वेळी वॉटर पंपाच्या वेळी त्यांनीच विचारलं, बोल्टचा आकडा काय लिहिलाय बघ रे.

नवीन गाडीवाल्यांसाठी एक माहिती. २०१४ मध्ये भारतीय स्पर्धा आयोगाने १४ कार कंपन्यांना मिळून २,५४४ कोटींच्या वर दंड लावला होता, सुटे भाग आणि दुरुस्तीची माहिती बाहेरच्या गॅरेजांना मोकळेपणाने मिळत नाही या मुद्द्यावर. पुढे ते अपिलात गेलं. मग डिसेंबर २०२२ मध्ये केंद्र सरकारच्या ग्राहक व्यवहार विभागाने राइट टू रिपेअरचं पोर्टल सुरू केलं, त्यात शेतीची अवजारं, मोबाइल-इलेक्ट्रॉनिक्स, घरगुती उपकरणं आणि वाहनं असे चार भाग आहेत. तुमची गाडी अलीकडची असेल तर कुठलीही पीडीएफ विकत घ्यायच्या आधी तिथे बघा. माझं म्हणणं अगदी साधं आहे, गाडी विकताना निदान टॉर्कचं एक पान तरी त्या कप्प्यातल्या पुस्तकात छापा. एकच पान. ज्याला वाचायचं नाही तो वाचणार नाही, पण ज्याची गाडी आहे त्याला विचारता तरी येईल की दादा, किती आवळलात.

कुणाकडे २००८ च्या इथल्या वॅगनआरचं सेक्शन ८, म्हणजे वायरिंगचं, कागदावर असेल तर कळवा. झेरॉक्सचा खर्च माझा, आणि लाल पेनने तपासलेले माझे इंजिनचे सेक्शन त्या बदल्यात देतो.